चार कॉर्ड, तीन आठवडे: 'स्मेल्स लाइक टीन स्पिरिट' बसत का नाही?

अर्धाचहा | शनिवार, रात्री ११:४०

कन्या यंदा कॉलेजात गेली आणि महिन्याभरात तिचा बँड झाला. एक गिटार, एक बेस, एक ड्रमसेट (अर्धा उसना) आणि गाणारी ती. सराव आमच्याच पार्किंगमध्ये, कारण बाकी तिघांच्या सोसायट्यांनी आधीच हात जोडलेत. गॅदरिंगला वाजवायचं गाणं पहिल्याच दिवशी ठरलं: निर्वाणा या अमेरिकन रॉक बँडचं 'स्मेल्स लाइक टीन स्पिरिट'. "बाबा, चारच कॉर्ड आहेत. दोन प्रॅक्टिसमध्ये बसवतो."

आज तीन आठवडे झाले. कॉर्ड बरोबर पडतात, ठेका चुकत नाही, शब्दही बरोबर आहेत (म्हणजे मूळ गाण्यात जेवढे कळतात तेवढे). आणि गाणं काही केल्या उठत नाही. दुसऱ्या मजल्यावरचे आजोबा पहिल्या आठवड्यात रोज तक्रार घेऊन यायचे. आता तेही येत नाहीत. यावरून काय ते समजा.

मला वाटतं पोरांची समजूतच चुकलीय. त्यांच्या डोक्यात असं आहे की तीन टवाळ पोरं स्टुडिओत शिरली, आरडाओरडा केला, आणि बाहेर आली तेव्हा हातात जगप्रसिद्ध गाणं होतं. या सिएटलकडच्या रॉकला ग्रंज म्हणतात, आणि ग्रंज म्हणजे कच्चं, ग्रंज म्हणजे बेफिकीर. त्यामुळे हीसुद्धा बेफिकीर वाजवतात.

प्रत्यक्षात काय झालं? १९९१ च्या सुरुवातीला बँडचा गायक-गिटारवाला कर्ट कोबेन तालमीला एक रिफ (पुन्हा पुन्हा वाजणारा गिटारचा तुकडा) घेऊन आला. एफ, बी फ्लॅट, ए फ्लॅट, डी फ्लॅट. बेसवाला क्रिस्ट नोव्होसेलिक म्हणाला, हे काहीतरीच आहे. कोबेननं हट्टानं तेच एक तुणतुणं दीड तास वाजवायला लावलं. त्या दीड तासात नोव्होसेलिकला सुचलं की व्हर्सला (कडव्याला) जरा हळू घेऊ या. तो हळू झाला म्हणून डेव्ह ग्रोलला ड्रमचा वेगळा ठेका सापडला. 'नेव्हरमाइंड' अल्बममध्ये संगीतकार म्हणून तिघांचीही नावं असलेलं हे एकच गाणं आहे, ते यामुळे. एरवी सगळं श्रेय कोबेनचं.

आणि बेफिकिरीचं म्हणाल, तर जानेवारी १९९४ च्या मुलाखतीत कोबेननं सरळ कबूल केलं की त्याला एकदम अव्वल पॉप गाणं लिहायचं होतं, आणि त्यासाठी तो पिक्सीज या बँडची नक्कल करत होता. पिक्सीजची खोड अशी की आधी कुजबुजायचं, मग एकदम अंगावर यायचं.

नावाचा किस्सा बऱ्याच जणांना माहीत असेल. बिकिनी किल बँडच्या कॅथलीन हॅनानं एका रात्री त्याच्या भिंतीवर रंगवलं, 'कर्टला टीन स्पिरिटचा वास येतो'. कोबेनला वाटलं, वा, काय क्रांतिकारी वाक्य आहे. टीन स्पिरिट हे पोरींसाठीचं डिओडरंट आहे आणि ते त्याची तेव्हाची मैत्रीण वापरते, हे त्याला गाणं बाजारात येऊन काही महिने झाल्यावर कळलं.

तर जाणकारांनो, पोरांचं नक्की काय चुकतंय? कॉर्ड, ठेका, शब्द सोडून या गाण्यात आणखी काय आहे?

---

उगाच | शनिवार, रात्री ११:५२

पहिला नंबर. कोबेनला स्वतःच्या गाण्याचं नाव म्हणजे डिओडरंट आहे हे माहीत नव्हतं, आणि आमच्याकडे काव्यसंग्रहांच्या नावांवर तीन पानी प्रस्तावना असतात.

---

ऋचा_पीसी | रविवार, सकाळी ९:०५

खरं सांगू का, हसू नका. कॉलेजला येईपर्यंत मला निर्वाणा हा कपड्यांचा ब्रँड वाटायचा. एफसी रोडला तो पिवळा, डोळ्यांच्या जागी फुल्या असलेला चेहरा छापलेले टीशर्ट टांगलेले असतात ना, त्यातला एक घेतला होता. मग एका सरांनी वर्गात विचारलं, "कुठली गाणी ऐकतेस यांची?" घरी येऊन पहिल्यांदा हे गाणं लावलं.

अजून एक शंका. ते डिओडरंट अजून मिळतं का?

---

पॅसिफिक पाऊस | रविवार, सकाळी १०:३०

ऋचा, पुढे त्याचा खप चांगलाच वाढला. ते मेनन नावाच्या कंपनीचं होतं, आणि १९९२ मध्ये ती कंपनी कोलगेटनं विकत घेतली. हो, आपलं टूथपेस्टवालं कोलगेट. म्हणजे तरुणाईच्या बंडाचं राष्ट्रगीत म्हणून ज्याचा गवगवा झाला, त्यानं शेवटी दात घासणाऱ्यांच्या तिजोरीत भर घातली.

मी गेली चौदा वर्षं सिएटलच्या बाजूला बेलव्ह्यूला आहे. हे गाणं लोकांसमोर पहिल्यांदा वाजलं ते १७ एप्रिल १९९१ ला, सिएटलच्या 'ओके हॉटेल'मध्ये. नाव हॉटेल, पण ती गाण्याबजावण्याची जागा होती, समुद्राकाठच्या उंच पुलाला खेटून. त्या रात्री शब्दही पुरते झालेले नव्हते. उपलब्ध चित्रीकरणात कोबेन निम्मं काहीतरी वेगळंच गातोय. २००१ च्या भूकंपात इमारतीचं नुकसान झालं आणि तिथलं गाणं थांबलं, आता वर लोक राहतात. तो पूलही नंतर पाडला. घरी पाहुणे आले की मी त्यांना तिथे नेतो, ते इमारतीकडे बघतात, मग माझ्याकडे बघतात, आणि म्हणतात, "बरं, आता स्पेस नीडल का?"

अर्धाचहा, तुमच्या मूळ प्रश्नाबद्दल एक निरीक्षण. त्या चित्रीकरणात कोबेनकडे बघण्याऐवजी गर्दीकडे बघा. गाणं कुणालाच माहीत नाही. पहिला कोरस (धृपद) येईपर्यंत लोक नुसते उभे आहेत, आणि मग काय होतं ते बघाच.

---

तिरकीट | रविवार, दुपारी १:१५

मी तबल्यातला माणूस, रॉकमध्ये माझा अधिकार नाही. पण ड्रमबद्दल बोलतो.

गिटार एकटी चार बार वाजते, मग ड्रम येतात. ते येणं नीट ऐका. ग्रोल तिथे फ्लॅम वाजवतो, म्हणजे दोन हात एकदम पडत नाहीत, एक हात केसभर आधी पडतो. त्यामुळे ठोका जाड होतो, दार ढकलल्यासारखा. आणि ते त्यानं कुठून उचललं? रॉकमधून नाही. त्यानं २०२१ मध्ये फॅरेल विल्यम्सशी बोलताना सांगितलं की हे त्यानं गॅप बँड आणि कॅमिओ हे बँड, आणि 'शिक' बँडचा ड्रमर टोनी थॉम्पसन यांच्याकडून घेतलंय. म्हणजे डिस्को आणि फंक! त्यानं पुढे थॉम्पसनला भेटून तसं सांगितलंही, तर तो म्हणाला, माहितीय मला.

तुमच्या लेकीचा ड्रमर बहुधा 'रॉक' समजून जीव खाऊन बडवतोय. त्याला सांगा, हे नाचाचं गाणं आहे असं समजून वाजव. जोर नंतर आपोआप येईल.

---

खडूस काका | रविवार, दुपारी ३:४०

धागा वाचला. आता कुणीतरी उलट बोलायला हवं म्हणून बोलतो.

या गाण्याची जरुरीपेक्षा जास्त आरती ओवाळली गेलीय. एक: रिफ बोस्टन बँडच्या 'मोअर दॅन अ फीलिंग'च्या अंगानं जातो, हे १९९१ मध्येही लोक म्हणत होते. कोबेनलाही ते माहीत होतं. १९९२ च्या रेडिंग महोत्सवात त्यांनी हे गाणं सुरू करण्याआधी मुद्दाम ते बोस्टनचं वाजवून दाखवलंय. दोन: ग्रंजचा खरा आवाज हवा असेल तर मडहनी या सिएटलच्या बँडचं १९८८ चं 'टच मी आय'म सिक' ऐका. सब पॉप या तिथल्याच रेकॉर्ड कंपनीनं काढलेली छोटी तबकडी. सिएटलचा सगळा चिखल त्यात आहे. तीन: निर्वाणाचा पहिला अल्बम 'ब्लीच' ६०६ डॉलर १७ सेंटमध्ये ध्वनिमुद्रित झाला. 'नेव्हरमाइंड'ला मोठी कंपनी आली, कॅलिफोर्नियातला मोठा स्टुडिओ आला, आणि मग चिखलाला वॉर्निश लागलं.

मी १९९३ मध्ये मुंबईत होतो. रंगभवनला रॉकच्या कार्यक्रमांना दर दुसरा बँड हेच वाजवायचा आणि सगळे वाईट वाजवायचे. तेव्हाच मी या गाण्यावर फुली मारली. हलकेच घ्या.

---

उगाच | रविवार, दुपारी ३:४४

आले. सरका जरा, मला बसायला जागा द्या.

---

फेडर | रविवार, रात्री ९:२०

खडूस काका, वॉर्निशच्या मुद्द्यावर मला बोलावंच लागेल, कारण माझं पोट त्याच वॉर्निशवर चालतं. वीस वर्षं ध्वनिमुद्रण करतोय, बहुतेक वेळ जाहिराती आणि मालिकांची शीर्षकगीतं.

मे १९९१, साउंड सिटी स्टुडिओ, लॉस एंजेलिसचा व्हॅन नायस भाग. अल्बमचं बजेट ६५,००० डॉलरच्या आसपास. तुम्हाला मोठं वाटतं, पण त्या काळातल्या मोठ्या कंपनीच्या हिशेबानं किरकोळ. स्टुडिओ तसा कळकट, कार्पेटवर डाग वगैरे. पण तिथे जुना नीव्ह कन्सोल (आवाज मिसळायचं टेबल) होता आणि ड्रमसाठी मोठी खोली होती. निर्माता बुच व्हिग. त्याला या गाण्याची पहिली ओळख झाली ती बँडनं टेपरेकॉर्डरवर रेकॉर्ड करून पाठवलेल्या कॅसेटनं. आवाज इतका फाटलेला की धड काही ऐकू येईना, पण त्या खरखरीतूनही चाल कळत होती. इथेच गंमत आहे. वॉर्निश लावायच्या आधी लाकूडच उत्तम होतं.

मुख्य वाजवणं तीन टेकमध्ये झालं, त्यातला दुसरा ठेवला. मग व्हिगनं कोबेनला सांगितलं, आवाज पुन्हा एकदा गा, दोन्ही एकावर एक ठेवू. कोबेन म्हणाला, ही लबाडी आहे. व्हिग म्हणाला, जॉन लेननसुद्धा असंच करायचा. झालं, गडी तयार. लेनन त्याचं दैवत होता. माझ्या धंद्यातली सगळ्यात उपयोगी युक्ती हीच आहे: गायकाला तंत्र समजावू नका, त्याच्या दैवताचं नाव घ्या. मी आजवर लताबाईंच्या नावावर किमान चाळीस जणांना पुन्हा गायला लावलंय.

मिक्सिंग अँडी वॉलेसनं केलं. त्यानंच ते झळाळीदार, रेडिओवर उठून दिसणारं केलं. कोबेननं आधी मान डोलावली आणि नंतर म्हणाला की अल्बम पंकपेक्षा मोटली क्रू या झगमगाटी मेटल बँडच्या जवळ जातोय. तेव्हा काका, तुमच्या बाजूनं बोलणारा सर्वात मोठा साक्षीदार खुद्द कोबेनच आहे, हे मान्य. पुढचा 'इन युटेरो' त्यानं १९९३ मध्ये स्टीव्ह अल्बिनी या ध्वनिमुद्रकाकडे नेला तो याच चिडीतून, खरखरीत आवाज हवा म्हणून.

पण आता पार्किंगमधल्या पोरांचं. अर्धाचहा, मला एक सांगा. व्हर्समध्ये तुमचा गिटारवाला काय वाजवतो?

---

अर्धाचहा | रविवार, रात्री ९:५५

व्हर्समध्येही तेच चार कॉर्ड. जरा हळू वाजवतो.

---

फेडर | रविवार, रात्री १०:०२

सापडला चोर.

मूळ गाण्यात व्हर्समध्ये गिटार जवळजवळ गप्प आहे. फक्त दोन सूर, सी आणि एफ, तेही कोरस पेडलमधून (हे आवाज तरंगता करणारं यंत्र, गाण्यातला कोरस नव्हे), पाण्यातून आल्यासारखे. सगळी चाल बेस पुढे नेतो. ते चारही स्वर नोव्होसेलिक वाजवत राहतो, शांतपणे, एकसारखे. म्हणजे रिफ गेलेली नसते, तळघरात गेलेली असते. मग ते एकच अभिवादन पुन्हा पुन्हा येतं, ताण वाढतो, आणि आवाज फाडणाऱ्या दुसऱ्या पेडलवर पाय पडला की छप्पर उडतं.

तुमचा पोरगा व्हर्समध्ये सगळं वाजवून टाकतो, मग कोरसला द्यायला त्याच्याकडे उरतं काय? आवाज कमी करणं वेगळं आणि माणसं कमी करणं वेगळं. त्याला म्हणावं, हात खिशात घाल.

---

मेघना ब. | सोमवार, सकाळी ११:१०

फेडर, एकदम पटलं. सोलोचंही तसंच आहे ना? कोबेन तिथे करामती करत नाही, गायलेली चालच गिटारवर पुन्हा म्हणतो. आमचे पेटीचे सर म्हणायचे, आधी बंदिश वाजवून दाखव, ताना नंतर. त्याची आठवण झाली.

कुणी व्हिडिओबद्दल बोललंच नाही. माझ्यासाठी गाणं म्हणजे तो व्हिडिओच. १९९२, सांगली, शेजारच्यांकडे नवी केबल. त्यांची आई स्वयंपाकघरात गेली की आम्ही चौघी स्टारवरचं एमटीव्ही लावायचो. शाळेचं जिमखान्यासारखं सभागृह, सगळं पिवळट धुरकट, बाकांवर कंटाळलेली पोरं, चिअरलीडर पोरींच्या छातीवर अराजकवाद्यांचं वर्तुळातलं 'ए', आणि एका कोपऱ्यात झाडूवाला काका मॉप घेऊन झुलतोय. आम्हाला इंग्रजी जेमतेम. पण त्या पोरांना तिथे बसायचा कंटाळा आलाय एवढं कळत होतं, आणि तो कंटाळा आमच्या ओळखीचा होता.

नंतर वाचलं तेव्हा कळलं की तो कंटाळा खरा होता! १७ ऑगस्ट १९९१ ला कॅलिफोर्नियातल्या कल्व्हर सिटीत चित्रण झालं, दिग्दर्शक सॅम्युएल बायर, तेव्हा अगदी नवखा. आपली नमुन्याची कामं इतकी वाईट होती म्हणूनच या बँडनं आपल्याला घेतलं, असं तो स्वतः म्हणतो. पोरांना दिवसभर एकाच जागी बसवून गाणं पुन्हा पुन्हा लावलं. शेवटी ती वैतागली, कोबेननं बायरला सांगितलं की आता यांना मोकळं सोड, आणि त्यांनी खाली उतरून सेट मोडून टाकला. शेवटची धुमश्चक्री अभिनय नाही. कोबेनला बायरचं संकलन आवडलं नाही म्हणून तो स्वतः संकलनाला बसला, आणि शेवटी त्याचा चेहरा अगदी जवळून दिसतो तो तुकडा त्यानंच घातला.

---

ऋचा_पीसी | सोमवार, दुपारी १२:३०

मेघनाताई, आत्ता परत बघितला. झाडूवाले काका बेस्ट आहेत.

---

मेघना ब. | सोमवार, दुपारी १२:४८

त्यांचं पुढचं ऐक. 'वियर्ड अल' यान्कोविक म्हणून विडंबन करणारा गायक आहे. त्यानं १९९२ मध्ये याचं विडंबन केलं, विषय असा की या गाण्याचे शब्द कुणालाच कळत नाहीत. त्या व्हिडिओतही तोच झाडूवाला आणला, झालरीचा परकर घालून! अलनं परवानगी मागायला कोबेनला फोन केला तेव्हा बँड 'सॅटर्डे नाइट लाइव्ह'च्या सेटवर होता. कोबेननं विचारलं, खाण्यावर आहे का? (अलची बरीच विडंबनं खाण्यावर असतात.) शब्द कळत नाहीत यावर आहे म्हटल्यावर लगेच हो म्हणाला.

आणि त्याच सुमारास ११ जानेवारी १९९२ च्या अमेरिकन यादीत 'नेव्हरमाइंड' पहिल्या क्रमांकावर गेला. खाली कोण उतरलं? मायकल जॅक्सनचा 'डेंजरस'.

---

खडूस काका | सोमवार, सायंकाळी ६:२५

शब्द कळत नाहीत हा गुण कधीपासून झाला?

---

तिरकीट | सोमवार, सायंकाळी ७:००

काका, तराण्यात तुम्हाला कुठले शब्द कळतात? 'तोम तनन'चा अर्थ विचारत कुणी मैफिलीतून उठून गेल्याचं माझ्या तरी ऐकिवात नाही.

---

खडूस काका | सोमवार, सायंकाळी ७:१८

तराण्यात अर्थ नसतो हे गाणाऱ्याला माहीत असतं आणि ऐकणाऱ्यालाही. इथे लोक तीस वर्षं प्रत्येक ओळीचा अर्थ लावतायत. एका पिढीचा आवाज म्हणे!

---

अर्धाचहा | सोमवार, रात्री १०:१५

काका, इथे मी तुमच्याच बाजूचा आहे. 'पिढीचा आवाज' हे बिरूद कोबेनला बोचत होतं. आणि गंमत म्हणजे कोरसमधली सगळ्यात गाजलेली ओळ, 'आलोय आम्ही, करा आता आमची करमणूक' अशा अर्थाची, ती तो पार्टीत शिरताना अवघडलेपणा घालवायला गमतीनं म्हणायचा. लोकांनी तिचं घोषवाक्य केलं. टवाळी कुणाची चाललीय हे न बघता सगळे तीच ओळ ओरडायला लागले.

पण अर्थ नाही असं मला वाटत नाही. अर्थ शब्दांत कमी आणि चढउतारात जास्त आहे. फेडर म्हणतात ते हात खिशात घालणं आणि मग सगळं फेकून देणं. सतरा-अठराच्या वयात आमच्या घरी रोज जेवताना तेच चालतं. आधी दहा मिनिटं "काही नाही" आणि मग ताट ढकलून खोलीत.

---

पॅसिफिक पाऊस | मंगळवार, सकाळी ८:०५

कंपनीला काय वाटत होतं तेही मजेशीर आहे. अल्बम २४ सप्टेंबर १९९१ ला आला तेव्हा अमेरिकेत दुकानांत फक्त ४६,२५१ प्रती पाठवल्या होत्या. अडीच लाख खपल्या तरी खूप, असा हिशेब. आणि हे गाणं आधी, १० सप्टेंबरला, नुसतं वातावरण तापवायला काढलेलं. खरं गाजणार होतं ते 'कम अ‍ॅज यू आर', अशी सगळ्यांची खात्री. आधी कॉलेजांच्या रेडिओनं हे उचललं, २९ सप्टेंबरला एमटीव्हीनं व्हिडिओ रात्रीच्या '१२० मिनिट्स' कार्यक्रमात दाखवला, आणि मग त्यांना तो दिवसाही लावावा लागला. नोव्हेंबरात ते मॉडर्न रॉकच्या यादीत पहिलं, जानेवारीत मुख्य यादीत सहाव्या क्रमांकापर्यंत. न्यूझीलंडमध्ये तर पहिलं. अल्बम पुढे जगभरात तीन कोटींवर गेला. ४६ हजार प्रती पाठवणाऱ्यानं नंतर काय केलं असेल, असं मला नेहमी वाटतं.

काका, ग्रॅमीवाले मात्र तुमच्याच मताचे निघाले. उत्कृष्ट रॉक गाण्याचं बक्षीस एरिक क्लॅप्टनच्या 'लैला'ला दिलं. तेही १९७० च्या गाण्याच्या शांत आवृत्तीला.

एवढं झाल्यावर बाहेरचे पत्रकार सिएटलला लोंढ्यानं आले. नोव्हेंबर १९९२ मध्ये न्यूयॉर्क टाइम्सनं ग्रंज पोरांच्या बोलीभाषेचा शब्दकोश छापला. तो सगळा एका बाईनं फोनवर जागच्या जागी रचून सांगितला होता! मेगन जास्पर, आधी सब पॉपमध्ये कामाला होती. वार्ताहर विचारतोय आणि ही ठोकून देतेय. फाटक्या जीन्सला 'वॅक स्लॅक्स', नालायक माणसाला 'कॉब नॉब्लर'. सगळं छापून आलं.

---

उगाच | मंगळवार, सकाळी ८:११

आजपासून या संस्थळावर माझ्याशी वाद घालणारा प्रत्येक जण कॉब नॉब्लर.

---

खडूस काका | मंगळवार, सकाळी ९:४०

मला तो शब्द आवडला.

---

फेडर | मंगळवार, रात्री ९:३०

मेघनाताईंच्या व्हिडिओवरून एक भर. बीबीसीच्या 'टॉप ऑफ द पॉप्स'मध्ये नोव्हेंबर १९९१ मध्ये हे वाजवलं ते जरूर बघा. तिथला नियम असा की वाद्यं टेपवर, फक्त गाणं प्रत्यक्ष. यांना तो अपमान वाटला. मग कोबेन एक सप्तक खाली, मॉरिसी या इंग्लिश गायकाच्या थाटात, रडका आवाज काढून गायला, माइक जवळजवळ गिळून. ग्रोल टेपशी काही संबंध नसल्यासारखा मनाला येईल तिथे काठ्या मारतोय, नोव्होसेलिक बेस डोक्यावर फिरवतोय. अतिशय वाईट वाजवलंय आणि अतिशय छान आहे.

पोरांना दाखवू नका, गॅदरिंगमध्ये हेच करतील.

---

अर्धाचहा | शुक्रवार, रात्री ११:०५

अपडेट.

गिटारवाल्याला हात खिशात घालायला सांगितलं. पहिल्यांदा तो रुसला, "मग मी व्हर्समध्ये करू काय?" त्याला म्हटलं, दोन सूर वाजव आणि बाकी वेळ चिडलेला दिस. बेसवाली पोरगी एकदम खूश, महिन्यात पहिल्यांदाच तिला कुणी ऐकत होतं. ड्रमरला तिरकीट यांचा निरोप दिला. त्यानं दोन दिवस गॅप बँड ऐकला आणि परवा आला तो वेगळाच होऊन. खांदे हलतात आता त्याचे.

आणि कन्या. ती सुरुवातीपासून ओरडत होती. फेडर यांच्याकडून धडा घेऊन मी म्हटलं, "कोबेन व्हर्समध्ये झोपेतून उठल्यासारखा गातो." तंत्रबिंत्र काही बोललो नाही. चालली की मात्रा.

काल साडेसातला पहिल्यांदा ते गाणं उठलं. कोरसला पार्किंगमधल्या दोन स्कूटरचे अलार्म वाजायला लागले. पाच मिनिटांत दुसऱ्या मजल्यावरचे आजोबा खाली आले, संतापलेले, हातात वर्तमानपत्राची गुंडाळी. मी त्यांच्या पाया पडायचाच बाकी होतो.

---

तिरकीट | शुक्रवार, रात्री ११:२०

आजोबा आले म्हणजे गाणं पास.

---

खडूस काका | शनिवार, सकाळी ७:३०

चला, अभिनंदन. काल रात्री बऱ्याच वर्षांनी हेडफोन लावून पूर्ण ऐकलं, पाच मिनिटं एक सेकंद. व्हर्सच्या खाली बेस चालतो ते मी कधी नीट ऐकलंच नव्हतं. रंगभवनच्या भोंग्यांत ते कुठून ऐकू येणार? मत बदललेलं नाही. मडहनी ते मडहनीच.

---

पॅसिफिक पाऊस | शनिवार, सकाळी ८:५०

गॅदरिंगला शुभेच्छा. एक सावधगिरीची सूचना. चांगलं वाजलं तर लोक पुन्हा पुन्हा तेच मागतील. १९९३ संपेपर्यंत कोबेनला ते वाजवायचा इतका वीट आला होता की मुलाखतीत म्हणाला, मला लाज वाटते. ऑक्टोबर १९९२ मध्ये ब्युनोस आयर्सला प्रेक्षकांनी आधी वाजवणाऱ्या पोरींच्या बँडला वस्तू मारून हाकललं, तर याचा डाव असा: मधूनमधून या गाण्याची सुरुवात वाजवायची, हजारो लोक उसळले की थांबायचं आणि भलतंच काहीतरी सुरू करायचं. शेवटपर्यंत वाजवलं नाहीच.

आणि ज्या फेंडर मस्टँग गिटारवर तो त्या व्हिडिओत वाजवतो, ती २०२२ मध्ये लिलावात सुमारे पंचेचाळीस लाख डॉलरला गेली.

---

अर्धाचहा | दोन महिन्यांनी, रविवार, दुपारी ४:१५

धागा वर काढतोय, राहून गेलेलं सांगायला.

गॅदरिंग झालं. मॉनिटरमध्ये आवाजच नव्हता, कन्येला स्वतःचं गाणं ऐकू येत नव्हतं, सोलोमध्ये गिटारवाल्याची तार तुटली. तरी पोरांनी उचलून धरलं. शेवटच्या रांगेतले प्राध्यापकसुद्धा उभे राहिले. बहुतेक निघायला उभे राहिले असतील.

तेव्हापासून कुठेही जा, तेच. मैत्रिणीच्या वाढदिवसाला तेच, आमच्या सोसायटीच्या कोजागरीला तेच. मसाला दूध हातात घेऊन आजोबा म्हणाले, "ते दणदण गाणं म्हण की गं." पोरांनी मधल्या काळात स्वतःची तीन मराठी गाणी बांधलीत. ती कुणी ऐकून घेत नाही.

काल दुसऱ्या एका कॉलेजात त्यांचा कार्यक्रम होता. मी मागे उभा होतो. समोर ओरडा सुरूच होता. गिटारवाल्यानं ती ओळखीची रिफ सुरू केली, चार बार, पोरं खुर्च्यांवर चढली. ड्रमरनं काठ्या वर नेल्या. आणि चौघंही थांबली. कन्येनं पाण्याची बाटली उघडून दोन घोट घेतले, माइकजवळ आली आणि त्यांचं नवं गाणं सुरू केलं.

ती हा धागा वाचते, हे मला काल कळलं.